हेडफोन काढल्यावर

रेडिओत नऊ वर्षं काढली, त्यातली सात सकाळच्या शोवर. गाण्याचा इंट्रो १८ सेकंदांचा असेल तर सतराव्याला वाक्य संपवायचं, गायकाच्या आवाजावर चढायचं नाही. हे इतकं अंगवळणी पडलं होतं की घड्याळाकडे बघावंही लागायचं नाही. आणि शांतता, आमच्या भाषेत 'डेड एअर', म्हणजे पाप. दोन-तीन सेकंद काही वाजलं नाही की काचेपलीकडून प्रोड्यूसरचे हातवारे सुरू.

विनोदी मालिकांच्या पहिल्या दोन ऑडिशन गेल्या. एकीकडे तर तोंडावर सांगितलं, "डोळे मिटून ऐकलं की तुम्ही जास्त चांगल्या वाटता." राग आला. पण रेकॉर्डिंग पाहिलं तर माझी मान सारखी डावीकडे झुकलेली! स्टुडिओत माइक त्याच बाजूला असायचा. नसलेल्या माइकमध्ये वाकून मी समोरच्या माणसाशी भांडत होते.

तिसऱ्या वेळी कजाग घरमालकिणीचं काम मिळालं. दोनच सीन.

सेटवर आधी घाम फोडला तो कंटिन्युइटीने. मास्टर शॉटमध्ये, म्हणजे अख्खा सीन टिपणाऱ्या लांबच्या शॉटमध्ये, 'भाडं' या शब्दाला किल्ल्यांचा जुडगा उजव्या हातातून डाव्यात घेतला, तर क्लोजअपलाही त्याच शब्दाला, त्याच हातात. रेडिओत बोललं की ते हवेत गेलं. इथे तेच वाक्य सहाव्यांदा म्हणायचं, तेही आत्ताच सुचल्यासारखं.

पण खरं दुखणं दिग्दर्शकांनी पकडलं. "समोरच्याचं वाक्य चालू असतानाच तुम्ही श्वास भरून तयार. ऐकत कुठे आहात? लिंक टाकताय." लिंक म्हणजे दोन गाण्यांमधलं आमचं बोलणं. खरंच होतं ते. हेडफोन लावून इतकी वर्षं मी माझाच आवाज ऐकत आले होते. मी खापर रेडिओवर फोडलं, तर त्यांनी अमेरिकन विनोदवीर जॅक बेनींचं नाव काढलं. १९३२ पासून रेडिओवर, १९५० पासून टीव्हीवरही. त्यांचं पात्र पक्कं कंजूस. १९४८ च्या एका भागात लुटारू विचारतो, पैसे की जीव? बेनी गप्प. प्रेक्षक हसत सुटतात. आणि हे रेडिओवर, चेहरा दिसत नसताना! म्हणजे तीही सबब गेली.

दुसऱ्या सीनला सहकलाकार वाक्य विसरले. जुनेजाणते गृहस्थ, न डगमगता माझ्याकडे बघत राहिले. मीही बघत राहिले. जुडगा हातातच. जीभ शिवशिवत होती, पण त्यांना आठवतंय की नाही हे बघण्यातच मी गुंतले. मग त्यांनी हळूच विचारलं, "पुढच्या महिन्यात दिलं तर?" 'कट' ऐकू आलं तेव्हा कॅमेऱ्यामागे कोणीतरी तोंड दाबून हसत होतं. तोच टेक राहिला.

भाग लागला त्या रात्री जुन्या प्रोड्यूसरचा मेसेज आला, "चार सेकंद डेड एअर. मोजलेत."