कोरसवर वर जाणारा हात

आज हेडफोन लावून अमेरिकन गायक ब्रूस स्प्रिंगस्टीनचं 'बॉर्न इन द यूएसए' पहिल्यांदाच शब्दांसकट ऐकलं. इतकी वर्षं नुसता कोरसवर मूठ उगारत होतो! देशाभिमानाचं गाणं वाटायचं. निघालं व्हिएतनामहून परतलेल्या, काम न मिळालेल्या सैनिकाचं.

फसलेला मी एकटाच नाही म्हणा. १९८४च्या निवडणूक प्रचारात अमेरिकेचे अध्यक्ष रेगन यांनी न्यू जर्सीच्या सभेत स्प्रिंगस्टीनच्या गाण्यांतल्या आशेचे गोडवे गायले होते. त्याला ते रुचलं नाही. थोड्याच दिवसांनी मैफलीत त्याने, अध्यक्षांचा आवडता अल्बम कुठला असेल, असा टोमणा हाणला. कारखाना बंद पडून नोकरी गेलेल्या माणसाचं गाणंही लगेच गायला.

अर्थ कळल्यावर पुन्हा लावलं. कोरस आला, आणि हात आपोआप वर गेलाच.