१९१६ चा मूकपट आणि 'निर्मात्याचे ना हरकत पत्र'

वाचनालयाच्या सभासदांना चॅप्लिनचा 'द व्हॅगाबाँड' दाखवायचा, एवढाच बेत होता. दोन रिळांचा लघुपट, अर्ध्या तासाच्या आत संपणारा. रस्त्यावर व्हायोलिन वाजवणारा फाटका माणूस, जिप्सींच्या तांड्यात राबणारी मुलगी, आणि ती बड्या घरची निघाल्यावर दोघांमध्ये उभी राहणारी श्रीमंती. फिल्म, प्रोजेक्टर, खुर्च्या, सगळं जमलं. अडलं ते सभागृहाच्या कार्यालयात.

अर्जाला निर्मात्याचं ना हरकत पत्र जोडायचं होतं. मी सांगितलं, चित्रपट जुलै १९१६ चा आहे; ज्या म्युच्युअल कंपनीसाठी काढला ती कधीच बंद झाली, चॅप्लिनही १९७७ मध्ये गेले. टेबलापलीकडच्या गृहस्थांनी रकान्यावर बोट ठेवलं. "ते खरं हो, पण पत्र लागेल." पुढच्या खेपेला साहेब रजेवर. मग फाईल वर गेली आणि 'त्रुटी' असा शेरा घेऊन खाली आली. त्रुटी तीच! अजूनही आठवलं की संताप होतो, कारण कायद्यात हे स्वच्छ लिहिलेलं आहे. कॉपीराइट कायदा १९५७, कलम २६: चित्रपटावरचा हक्क प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं. म्हणजे ६० वर्षं धरली तरी १९७६ अखेर तो संपलेला. परवानगी मागायची कोणाकडे?

तोंडी सांगून काही होत नाही. कलमाची छापील प्रत आणि अध्यक्षांच्या सही-शिक्क्याचं हमीपत्र आवक विभागात दिलं, पोच घेतली, तेव्हा कुठे फाईल हलली. पोच पहिल्याच दिवशी मागा.

संगीताचं मात्र वेगळं. नव्या प्रतींवर नवं संगीत असतं आणि त्याचे हक्क चालू असू शकतात. आम्ही आवाज बंद ठेवला. आमच्यातल्याच एकांनी समोर बसून व्हायोलिन वाजवलं.

हो, आणि प्रत घेताना वेग तपासा. तेव्हा कॅमेऱ्याचं हँडल हातानं फिरवत, बहुधा आजच्यापेक्षा सावकाश, त्यामुळे आजच्या वेगानं लावलं की माणसं धावतात. ती मुलगी टबात कपडे घासतेय, हा व्हायोलिन वाजवतोय. लय चढते तसे तिचे हातही झपाझप चालू लागतात. सुरुवातच पळत झाली तर ते चढणं दिसतच नाही, आणि तिचं त्याच्यात गुंतणं तिथेच तर सुरू होतं.

शेवटी तिची मोटार त्याला न्यायला मागे फिरली तेव्हा मागच्या रांगेपर्यंत टाळ्या पडल्या. फार बरं वाटलं.

अनामत रक्कम परत घ्यायलाही पोच दाखवावी लागते, ती फेकू नका.