धाकटा, त्याचा डावा घोटा आणि एका सीझनचा करार

सात सीझन झाले माझा धाकटा भाऊ फुटबॉल खेळून कमावतोय, तरी गल्लीत कुणी भेटलं की पहिला प्रश्न तोच, "काय बे, टीव्हीवर कधी दिसणार?" तो हसून पुढं जातो. मला मात्र आतून लागतं, म्हणून आज लिहायला बसलोय.

आमच्या सोलापुरात फुटबॉलचं तसं वातावरण नाही. कोल्हापुरात पाटाकडील, दिलबहार अशा तालमींच्या टीम आहेत, शाहू स्टेडियमवर गर्दी लोटते. आमच्याकडं पार्क मैदान म्हणलं की क्रिकेट. हा पठ्ठ्या शाळेच्या भेगाळलेल्या मैदानावर शिकला, अठराव्या वर्षी पहाटेच्या हुतात्मा एक्सप्रेसनं पुण्याला जाऊन ट्रायल दिली, तिथल्या जिल्हा लीगमध्ये खेळला, मग मुंबई. लेफ्ट बॅक, म्हणजे डाव्या बाजूचा बचावपटू. वांद्र्याच्या नेव्हिल डिसोझा टर्फवर त्याची मॅच बघायला मी पहिल्यांदा गेलो तेव्हा त्यानंच सांगितलं, दादा, ह्या माणसानं 1956 च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध हॅटट्रिक मारली होती, आपण चौथे आलो होतो. बघायला माणसं असतील पन्नासएक. पण नव्वद मिनिटं तो ज्या पद्धतीनं वर-खाली पळत होता ना, ते बघून मी गप्पच झालो, कारण घरात जेवायला बसलेला आमचा पोरगा वेगळा आणि हा वेगळा.

लोकांना वाटतं आयएसएल, म्हणजे टीव्हीवर दिसणारी इंडियन सुपर लीग, म्हणजेच फुटबॉल. तिच्याखाली आय-लीग (2026 पासून नाव इंडियन फुटबॉल लीग), जी 2007 पासून देशातली सगळ्यात वरची होती आणि 2022-23 पासून दुसऱ्या नंबरवर गेली. तिच्याखाली आय-लीग 2, मग आय-लीग 3, मग राज्याच्या आणि शहराच्या लीग. ह्यानं आय-लीग 2 चा एक सीझन खेळलाय, बाकी सगळं त्याखालचं. पण खाली आहे म्हणून सराव कमी नसतो. सुट्टीत घरी आला तरी पहाटे साडेपाचला कंबर तलावाला पळायला जातो. तिथून आल्यावर आमच्या टॉवेलच्या लूमच्या शेडमध्ये पोत्यावर बसून डाव्या घोट्याची टेप सोडवतो. हा घोटा दोनदा मुरगळलाय. जायच्या आधी पातळ फोमची पट्टी, वर पांढरी चिकट टेप, टाचेभोवती आठाच्या आकारात ओढून घेतो, एकही सुरकुती राहू देत नाही, राहिली की कातडी सोलते म्हणतो. मी लूमवरचा ताणा, म्हणजे उभा धागा, तुटला की गाठ मारतो तेवढ्याच लक्षपूर्वक त्याचं ते चालतं. टेपचा रोल बऱ्याचदा स्वतःच्या पैशातून.

आणि करार. करार कायम एका सीझनचा. फिफाच्या नियमात करार कमीत कमी सीझन संपेपर्यंतचा आणि जास्तीत जास्त पाच वर्षांचा असतो, ह्याच्या वाट्याला नेहमी तो कमीत कमीवालाच आला. सीझन संपला की पगार थांबतो आणि मग फोनची वाट. आई विचारते, आला का रे फोन, तो म्हणतो येईल की, आणि दोघंही दुसऱ्या विषयावर जातात.

तीन वर्षांपूर्वी एका क्लबनं त्याचा दोन महिन्यांचा पगार दिला नाही. नाव लिहीत नाही. तेव्हा मी शोधून काढलं की फिफाच्या नियमांत 2018 पासून 14 बिस म्हणून कलम आहे, दोन महिन्यांचा पगार थकला तर लेखी नोटीस देऊन क्लबला पंधरा दिवस द्यायचे, तरीही पैसे नाही आले तर खेळाडू करार मोडू शकतो. नव्या पेठेत बसून मी नोटीस टाइप करून घेतली. ह्यानं वाचली, घडी घालून परत दिली. "दादा, ही पाठवली तर पुढच्या वर्षी मला कोण घेणार? सगळे एकमेकांना ओळखतात." मी काही बोललो नाही. आजही वाटतं पाठवायला पाहिजे होती.

मित्र समजूत घालायला इंग्लंडच्या जेमी वार्डीचं उदाहरण देतात. आठवड्याला 30 पौंडांवर खेळायचा, फॅक्टरीत काम करायचा, 2012 ला लेस्टर क्लबनं घेतला आणि 2016 ला प्रीमियर लीग जिंकला. गोष्ट खरी आहे, मलाही आवडते. पण ती ऐकवली की असं वाटतं जणू शेवटी कप मिळाला तरच आधीच्या कष्टांना किंमत. वार्डीसोबत त्याच खराब ग्राऊंडवर पळणारे बाकीचे दहा जण काय करत होते? तेही खेळाडूच होते की. आणि वर पोचलं म्हणजे सुटलो असंही नाही, 2025 मध्ये लीग चालवायच्या हक्कांच्या करारावरून आयएसएलच अडकून पडली होती, तेव्हा मोठमोठ्या खेळाडूंनाही पुढं काय ते कळेना.

गेल्या आठवड्यात फोन आला. मुंबईचीच टीम, परत एक सीझन. या वेळी सही करायच्या आधी त्यानं कागद मला पाठवला, पगाराची तारीख कराराच्या कागदावर लिहून घ्यायला लावली. परवा रात्री सिद्धेश्वर एक्सप्रेसला बसवून आलो. आईनं कडक भाकरी आणि शेंगाचटणी बांधून दिली होती, बॅगेत बुटांच्या शेजारी टेपचे चार रोल. गाडी हलायच्या आधी खिडकीतून म्हणाला, "दादा, ती तेव्हाची नोटीस आहे ना? पीडीएफ करून पाठव मला, माझ्याकडं असू दे."