छाट

बोलणे सुधारून देण्याचे काम मी सोलापुरात एकोणीस वर्षे करीत आहे. सुरुवात आकाशवाणीवर नैमित्तिक उद्घोषक म्हणून झाली. पुढे वक्तृत्व स्पर्धांतील मुले येऊ लागली, मग एकांकिकावाले, आणि हिवाळ्यात राज्य हौशी नाट्य स्पर्धेची प्राथमिक फेरी जवळ आली की शहरातील दोन-तीन संस्था हमखास बोलावतात. ‘करायलालाय’चे ‘करतो आहे’ करणे, ‘आलाव’चे ‘आलात’ करणे आणि वाक्याच्या शेवटी येणारे ‘बे’ काढून टाकणे, एवढ्यावर माझे घर चालले, असे म्हटले तरी फारसे चुकणार नाही.

दोन वर्षांपूर्वी स्पर्धेच्या आदल्या दिवशी एका दिग्दर्शकाचा सकाळीच फोन आला. नाटक विडी कामगार बायकांवर होते. मुख्य भूमिका करणारी मुलगी वीस वर्षांची, पूर्वभागातली, घरात तेलुगू बोलणारी. “अभिनय उत्तम आहे, पण ‘भ’चा ‘ब’ करते. परीक्षक बाहेरचे आहेत, गुण जातील. तीन तासांत जेवढे होईल तेवढे करा,” असे त्यांनी सांगितले.

सोलापूरच्या पूर्वभागाविषयी बाहेरच्या वाचकांना थोडे सांगायला हवे. १८७७ मध्ये येथे जुनी गिरणी सुरू झाली, गिरण्यांपाठोपाठ हातमाग आणि यंत्रमाग वाढले आणि तेलंगणातून आलेली विणकर कुटुंबे येथेच रुजली. या घरांतले पुरुष मागावर आणि बायका विड्यांवर, अशी वाटणी अनेक पिढ्या चालत आली. त्यांच्या मराठीत ‘ण’ आणि ‘ळ’ ठणठणीत असतात, कारण ते तेलुगूतही आहेत. भल्याभल्यांना न जमणारा दंतमूलीय ‘च’ (‘चाक’मधला) सुद्धा त्यांना आयता येतो. अडते ते महाप्राणापाशी, म्हणजे ‘भ’, ‘ठ’, ‘ध’ अशा श्वासाचा जोर लागणाऱ्या अक्षरांपाशी, कारण रोजच्या बोलण्यातल्या तेलुगूत तो गळून पडतो आणि मग ‘भाकरी’ची ‘बाकरी’ व ‘दूध’चे ‘दूद’ होते.

तालमीच्या हॉलमध्ये ती सतरंजीवर बसली होती. उजव्या हाताच्या तर्जनीचे टोक किंचित चपटे झालेले दिसले. आईबरोबर रात्री पाने कापायला आणि विड्या वळायला बसत असल्याचे तिने न विचारता सांगितले. नाटकातील कळीचा प्रसंग असा होता, की कारखान्यात विड्या द्यायला गेलेल्या बाईच्या हजार विड्यांतून तपासनीस शंभर विड्या छाट म्हणून बाजूला काढतो आणि ती त्याला जाब विचारते. लेखकाने वाक्य लिहिले होते: “हजारातल्या शंभर तुम्ही फेकून दिल्यात, पण त्या वळताना वाकलेली माझी पाठ कुठे फेकणार आहात?” ती ते म्हणत होती: “हजारातल्या शंबर टाकलाव. पाट कुठं टाकताव?”

मी नेहमीप्रमाणे कामाला लागले. तोंडासमोर तळहात धरायचा, ‘ब’ म्हणताना वारा लागत नाही, ‘भ’ म्हणताना लागतो, तो हाताला जाणवेपर्यंत म्हणत राहायचे. वीस मिनिटांत तिने ‘भ’ काढला, अर्ध्या तासात ‘ठ’. मुलगी हुशार होती. तासाभराने तिने लेखकाचे संपूर्ण वाक्य एकही चूक न करता म्हणून दाखवले आणि मी “छान” असे म्हणालेही. मात्र ते ऐकताना मला बातम्या वाचणारी कोणी समोर बसल्यासारखे वाटले. जाब विचारणारी बाई त्या वाक्यातून निघून गेली होती. तिलाही ते कळले असावे, कारण पुन्हा म्हणायला सांगितल्यावर ती गप्प बसली.

मग ती बोलली, ते मला जसेच्या तसे आठवते. “मॅडम, मला बरोबर बोलता येतंय की. आत्ता बोलले ना? पण तसं बोलताना कुणाच्या तरी घरी पाहुणी गेल्यासारखं होतंय. पाय जपून ठेवायचा, कप जपून उचलायचा. सगळं लक्ष तिकडंच. मला काय म्हणायचंय ते राहूनच जातंय.” थोडे थांबून, माझ्याकडे न पाहता तिने पुढे म्हटले, “कारखान्यात आईच्या विड्यांतून छाट काढतात. त्या पण तिनंच वळलेल्या असतात, पान तेच, तंबाखू तीच. तुम्ही सकाळपासून माझ्या बोलण्यातून छाट काढायलालाव.”

माझ्याकडे उत्तर नव्हते. उलट मला आठवले ते अगदी वेगळेच. बावीस वर्षांची असताना बाहेरगावी एका संस्थेत वाचनाच्या चाचणीला गेले होते. वाचन निर्दोष झाले, पण बाहेर पडताना मैत्रिणीला “कुठं चाललालीस?” असे विचारले आणि टेबलामागचे दोघेजण हसले. त्या दिवसापासून घराबाहेर मी तसे कधी बोलले नाही, आणि पुढे इतरांनाही बोलू दिले नाही.

२०१६ मध्ये आमच्या जिल्ह्यातल्या अकलूजची रिंकू राजगुरू ‘सैराट’मधून पडद्यावर आली, जिल्ह्याचे बोलणे राज्यभर ऐकले गेले आणि राष्ट्रीय पुरस्कारांतही तिची विशेष दखल घेतली गेली, तेव्हा आम्हा सगळ्यांना आनंद झाला होता. परंतु त्यातही एक गोम आहे. मळ्यातले गावरान मराठी आता कौतुकाने ऐकले जाते. मागाच्या खडखडाटात घडलेले, तेलुगू-कानडीच्या वळणाचे मराठी मात्र अजूनही ‘चुकीचे’च ठरते. हे ठरवणाऱ्यांत मीही होते.

तरीही एक मुद्दा मी सोडला नाही आणि आजही सोडणार नाही. उच्चार आपला असावा, पण अक्षर शेवटच्या रांगेपर्यंत पोचलेच पाहिजे. ती वाक्याचा शेवट गिळत होती. ‘टाकताव’मधला ‘व’ तिसऱ्या रांगेतही पोचला नसता. उरलेला वेळ आम्ही त्यावर घालवला: श्वास कुठे घ्यायचा, शेवटच्या अक्षरावर आवाज पडू कसा द्यायचा नाही. फक्त ‘पाट’वर मी अडून बसले. पाट म्हणजे बसायचा पाट, लोक हसतील, तेथे तरी ‘ठ’ हवा, असे मी म्हणाले. ती क्षणभर विचार करून म्हणाली, “हात पाटीवर ठेवते की. मग कोण बसायचा पाट समजंल?” आणि उठून तिने तसे करून दाखवले. एकोणीस वर्षांत माझी दुरुस्ती अशी कोणी परत केली नव्हती.

दिग्दर्शकाची समजूत घालायला मात्र तिच्यापेक्षा जास्त वेळ लागला. गुणांची जबाबदारी माझी, या बोलीवर ते तयार झाले. लेखकाने एकदा ऐकले, डोके खाजवले आणि संहितेत तिचे वाक्य लिहून घेतले.

दुसऱ्या दिवशी हुतात्मा स्मृती मंदिरात प्रयोग होता. स्वातंत्र्यलढ्यातील मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन यांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात फाशी दिले गेले. त्यांच्या स्मरणार्थ हे नाट्यगृह आहे. आत शिरताना मनात आले, की ही चार नावे मोठ्याने म्हटली तरी या गावात किती तऱ्हेचे बोलणे नांदते ते कळते. आणि मी येथे एकच तऱ्हा शिकवीत आले.

‘शंबर’वर मागच्या रांगांतून हसू आलेच. ती घाबरून पुढे धावली नाही. हसू विरेपर्यंत थांबली, डावा हात कमरेच्या वर पाठीला टेकवला आणि तपासनिसाकडे पाहत, आवाज न चढवता म्हणाली, “पाट कुठं टाकताव?” शेवटचा ‘व’ मला अगदी मागे, दाराजवळ उभी असताना स्पष्ट ऐकू आला. पुन्हा कोणी हसले नाही. निकालाच्या यादीत तिचे नाव नव्हते आणि दिग्दर्शक काही दिवस माझ्याशी तुटकच बोलत राहिले, हेही सांगून टाकते.

प्रयोगानंतर रंगपटात तिची आई आली होती. तिने मुलीच्या चेहऱ्यावरचा रंग पदराने पुसला आणि तेलुगूत बराच वेळ काहीतरी सांगितले. नाटकाविषयी असेल, या अपेक्षेने मी विचारले.

“आई म्हणायलालीय,” चपला शोधत मुलगी म्हणाली, “उद्याच्या दोनशे विड्या राहिल्यात, लवकर चल.”