तिचा चेहरा बघायचा राहिला

गेल्या पावसाळ्यात आमच्या फिल्म क्लबसाठी 'सेरेलेम' या हंगेरियन चित्रपटाची मराठी सबटायटल्स करत होते. दिग्दर्शक कारोय मॉक, साल १९७१. मला हंगेरियन येत नाही, इंग्रजी सबटायटल्सवरूनच सगळं काम.

यानोश राजकीय कैदी म्हणून तुरुंगात आहे. अंथरुणाला खिळलेल्या त्याच्या आईला हे कळू नये म्हणून त्याची बायको लुत्सा त्याच्या नावाने पत्रं लिहिते: मी अमेरिकेत सिनेमा काढतोय, सगळं झकास चाललंय. सासूच्या भूमिकेत लिली दर्वाश, सुनेच्या भूमिकेत मारी तोरोचिक. ज्या अमेरिकेच्या थापा ही आई वाचते, तिथे दर्वाश स्वतः कित्येक वर्षं राहत होत्या!

इंग्रजीत सगळ्यांना एकच सर्वनाम. सून सासूला 'तुम्ही' म्हणेल, एवढं ठरवायला मी अर्धा दिवस घालवला. पत्रांचा मजकूर तर जीव ओतून उतरवला. एक शब्द सोडला नाही.

मग आत्याला दाखवलं. ती एकाहत्तर वर्षांची, चष्मा सावरत शेवटपर्यंत बसली. संपल्यावर म्हणाली, "छान लिहिलंयस गं. पण वाचता वाचता त्या सुनेचा चेहराच बघायचा राहिला."

मी चपापले. पत्राचा प्रसंग परत लावला. आपणच रचलेलं खोटं सासूच्या तोंडून ऐकताना तोरोचिक जवळजवळ काहीच करत नाही. फक्त बघते. पटतंय का हिला? त्या नजरेत लाड आहे, धास्ती आहे, थकवाही आहे. आणि नेमक्या त्याच वेळी मी खाली भरगच्च दोन ओळी टाकल्या होत्या.

रात्री बसून कापाकापी केली. अकरा शब्दांचे चार केले. काही ठिकाणी पडदा मोकळाच सोडला. १९७१ साली कान चित्रपट महोत्सवात या चित्रपटाला ज्युरी पारितोषिक मिळालं होतं, दर्वाश आणि तोरोचिक या दोघींच्या अभिनयाचा खास उल्लेख झाला. पुढे १९७६ साली तोरोचिकना तिथेच सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं, जुन्या काळातल्या रंगभूमीवरच्या एका नटीच्या भूमिकेसाठी. स्वतः बुडापेस्टच्या राष्ट्रीय रंगभूमीवर वर्षानुवर्षं उभ्या राहिलेल्या बाईला ती भूमिका मिळावी, याचा मला फार आनंद वाटतो.

आत्याने दुसऱ्यांदा पाहिलं तेव्हा मध्ये एकदाही बोलली नाही. नंतर मी तिला तोरोचिकचा १९५६ चा 'कोरहिंता' हा चित्रपट लावून दिला. जत्रेतल्या पाळण्यात गरगर फिरत हसणारी विशीच्या आसपासची खेडवळ पोर.

"ही तीच?" आत्या म्हणाली. "मागे घे जरा."