तुम्ही विचारलंत म्हणून: सर्टिफिकेट का नाही काढलं?

"एवढी वर्षं पंपहाऊसवर ऑपरेटर होतात, मग मधल्या काळात आयटीआयचं सर्टिफिकेट का नाही काढून ठेवलंत?" काम गेल्यापासून भेटेल तो हेच विचारतो. हेतू चांगला असतो, पण चूक माझीच हे विचारण्याआधीच ठरलेलं असतं.

थोडी आहेच, ती आधी सांगतो. वायरमन ट्रेडला आठवी पास चालतं, मी तर दहावी झालेला. पण कोर्स दोन वर्षांचा आणि दिवसाचा. काम सोडायची ऐपत नव्हती. शिवाय अंगात गुर्मी होती. बेअरिंगचा आवाज बदलला की मला खोलीबाहेरून कळायचं. मला कोण काढणार?

नव्या कंत्राटातल्या एका ओळीने काढलं: ऑपरेटरला आयटीआय सक्तीचं. अट चुकीची आहे असं मी म्हणत नाही. विजेच्या कामावर शिकलेला माणूस असावाच.

मग चौकशी केली. अनुभवी कामगाराला खासगी उमेदवार म्हणून ट्रेडच्या परीक्षेला बसायची सोय आहे म्हणे. फक्त अनुभवाचा दाखला आणा. माझं घोडं अडलं ते इथे.

चौदा वर्षांत माझे पाच कंत्राटदार झाले. माणूस तोच, पंप तेच, पगार देणारा तेवढा बदलायचा. 1970 च्या कंत्राटी कामगार कायद्याच्या नियमांत रोजगार कार्ड होतं, काम संपल्यावर सेवा दाखलाही होता. मला कार्ड एकदा मिळालं, दाखला कधीच नाही. 2020 च्या कामगार सुरक्षा संहितेत तर अनुभव प्रमाणपत्राचं वेगळं कलमच आहे, मागितल्यास द्यायचं. पुढच्या कंत्राटात आपलं नाव राहावं म्हणून जीव मुठीत धरून बसलेला माणूस काय काय मागणार?

शेवटी एकाने दाखला दिला. पद: हेल्पर, अकुशल. किमान वेतनाचे दर कुशलला वेगळे, अकुशलला वेगळे. मस्टरवर हेल्पर लिहिलं की मधला फरक कंत्राटदाराचा. हे आम्हा सगळ्यांना माहीत होतं आणि आम्ही गप्प होतो. पैसे वाचवायला मला अकुशल ठेवलं, आणि अकुशल म्हणूनच काढलं.

वकिलांनी सर्वोच्च न्यायालयाचा 1989 चा भगवती प्रसाद खटल्यातला निकाल दाखवला. बरीच वर्षं काम करू दिल्यावर, ठरवलेलं शिक्षण नाही म्हणून कायम करायला नकार देणं कठोर आहे, असं न्यायालयाने म्हटलंय. मी खुर्चीत सरसावून बसलो. तेच पुढे म्हणाले, "त्या खटल्यातले रोजंदारीवाले सरकारी महामंडळाचे स्वतःचे होते हो. तुम्ही कंत्राटदाराचे."

एक पुरावा होता. पंपहाऊसचं लॉगबुक. दर तासाला व्होल्टेज, अँपिअर, प्रेशर लिहायचं आणि 'ऑपरेटर' या रकान्यात सही करायची. ती सही माझी. झेरॉक्स मागायला गेलो तर गेटवरच अडवलं, पास संपला होता. अर्ज दिला, त्याला उत्तर आलं नाही. मोबाईलमध्ये एका पानाचा फोटो सापडला. मोटर सारखी ट्रिप होत होती, तेव्हा साहेबांना रीडिंग पाठवायला काढलेला. रीडिंग स्पष्ट आहेत. कडेला माझी सही आलीय, अर्धी.