आमची वाटचाल : बावीस म्हशी आणि एक पोच

आंबेगाव बुद्रुकचा गोठा वडिलांनी १९८६ साली सुरू केला. दोन मुऱ्हा म्हशी, एक पंढरपुरी आणि सायकलला अडकवलेले दोन कॅन. तिथून बावीस म्हशींपर्यंत कसे आलो ते सांगत बसत नाही. म्हैस आटते, पेंड महागते, गडी गावाला पळतो, तरी पहाटे चारला धार काढावीच लागते. धंद्यातल्यांना हे ठाऊक आहे. लिहायचंय ते परवान्याबद्दल.

२०१७ साली अकरा गावं पुणे शहराच्या हद्दीत आली, त्यात आमचंही. तोवर ग्रामपंचायतीच्या ना-हरकतीवर भागत होतं. मग जनावरं ठेवायचा परवाना आला आणि त्याला दरवर्षी ३१ मार्चची मुदत आली. सुरुवातीला निभावलं. २०२२ मध्ये जानेवारीतच अर्ज दिला, फी भरली, आणि जूनमध्ये दारावर नोटीस चिकटली : विनापरवाना जनावरे, सात दिवसांत हलवा. कार्यालयात गेलो तर साहेब म्हणाले, "तुमचा अर्जच नाही."

बावीस म्हशी हलवायच्या कुठे? त्यात पाच गाभण. अडल्या माणसाने चाकणच्या बाजारात म्हैस नेली की व्यापारी रुमालाखाली भावाची कोणती बोटं धरतो, ते सोसलेल्यालाच विचारा.

शेजारच्या नव्या सोसायटीने वासाची तक्रार केली होती. खोटी नव्हती, हेही सांगतो. एक म्हैस दिवसाला पंधरा-वीस किलो शेण टाकते. बावीसांचा हिशेब करा. पावसाळ्यात आमचं पाणी ओढ्याला जायचं. राग येतो तो अंतराच्या मुद्द्याचा. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या मार्गदर्शक सूचनांत घरांपासून २०० मीटर म्हटलंय, ते आम्हाला वाचून दाखवलं. अहो, गोठा जागचा हलला नाही. इमारतच चालत आमच्या गव्हाणीपर्यंत आली!

त्याच सुमारास एक पिशवीदूधवाला आमच्या रतिबाच्या घरी सांगत फिरला, "त्यांचा गोठा उठतोय." महिन्यात एकोणीस घरं गेली. नाव लिहीत नाही. अजून समोरून आला तर मी मान वळवतो.

सदाशिव पेठेतले काका मात्र टिकले. कोर्टातले निवृत्त शिरस्तेदार, वडिलांपासूनचा दोन लिटरचा रतीब. ओट्यावर काचेचा लॅक्टोमीटर कायम, दुधात पाणी घातलंय का ते बघायची नळी. दूध उंच भांड्यात ओतायचे, नळी तरंगून स्थिर होईपर्यंत मला दारात उभं ठेवायचे, मग आकडा कॅलेंडरवर लिहायचे. तीस वर्षांत अठ्ठावीसच्या खाली गेला नाही. त्यांना नोटीस दाखवली, तर पहिला प्रश्न : "पोच घेतलीस?"

घेतली होती. दुसऱ्या प्रतीवर गोल शिक्का, आवक क्रमांक, आणि कोपऱ्यात माझ्याच शेणाच्या बोटाचा ठसा. त्या कागदावर काकांच्या ओळखीच्या वकिलांनी शिवाजीनगर कोर्टातून पाचव्या दिवशी तात्पुरता मनाई हुकूम आणला. मुद्दा एवढाच, की अर्ज वेळेत होता आणि आमचं ऐकून न घेता नोटीस काढली. मग माहिती अधिकारात आवक नोंदवहीची प्रत मागितली. तिसाव्या दिवशी मिळाली. त्यात आमचं नाव स्वच्छ अक्षरात. फाईल भलत्याच खात्याच्या कपाटात.

मधल्या काळात गाळटाकी बांधली, गोबरगॅस बसवला. वकिलाच्या फीपेक्षा स्वस्तात झालं. हे आधीच करायला हवं होतं.

गोठेवाल्यांनो, नुसता अर्ज देऊन येऊ नका, शिक्का वाचता येतोय का ते खिडकीपाशीच बघा. आणि कुट्टी मशीनच्या पात्याला महिन्याला धार लावा. बोथट पात्याचा कडबा म्हशी उरवतात.

तारखा पडत गेल्या. परवाना हातात आला तो पुढच्या वर्षी ११ मार्चला. काकांना दाखवला. त्यांनी चष्मा चढवून मुदत वाचली : ३१ मार्च.

"दूध ठेव आणि तसाच खिडकीवर जा," ते म्हणाले. "आणि प्रती तीन काढ."